एक प्रकारचा मासा

मराठीचा एखादा मोठा शब्दकोश घेऊन बसावे आणि पाण्यातल्या जिवांच्या नोंदी शोधत जावे. घोड्यांचे रंग, गाईबैलांच्या शिंगांची वळणे, भाताचे वाण, दागिन्यांचे घाट यांसाठी आपल्या कोशकारांनी मोकळ्या हाताने जागा दिलेली दिसते. मासा आला की मात्र लेखणी आखडती होते. 'एक मासा', 'एक प्रकारचा मासा', फार झाले तर 'समुद्रातील एक मासा', एवढ्यावर बहुतेक नोंदी संपतात. तो केवढा, दिसतो कसा, राहतो कुठे, हे ज्याला कळायचे त्याला आधीच माहीत असते. ज्याला माहीत नसते त्याला कोश ते सांगत नाही. कोशाचा वाचक आणि मासा पकडणारा हे दोघे एकच असणार नाहीत, हे जणू आधीच गृहीत धरलेले आहे.

या तीन शब्दांकडे माझे लक्ष वेधले ते माझ्याच एका चुकीमुळे. ती चूक आधी सांगते.

सतरा-अठरा वर्षांपूर्वी, नोकरीच्या सुरुवातीच्या काळात, मी प्रथम वर्ष कला वर्गाचे निबंध तपासत होते. विषय नेहमीचा, 'माझ्या आठवणीतील एक दिवस'. कल्याणच्या खाडीकाठच्या गावातून येणाऱ्या एका मुलाने पावसाळ्यातल्या उधाणाची रात्र लिहिली होती. खाऱ्या पाण्याने शेताच्या बांधाला खांड पाडली, बाप-लेक कंदील घेऊन धावले, आणि चिखल लोटताना मुलाच्या हाताला सापासारखे काही लागले. बाप म्हणाला, साप नव्हे, हा मासा आहे. मुलाने शेपटीकडून धरायचा प्रयत्न केला, तर तो मासा शेपटीनेच मागच्या मागे चिखलात शिरत गेला आणि शेवटी फक्त डोके वर राहिले. मुलाने त्या माशाचे नाव लिहिले होते. निबंधात ते तीन-चार वेळा आले होते. मी प्रत्येक वेळी त्याखाली लाल रेघ ओढली, समासात 'वाम' असा शब्द लिहिला आणि खाली शेरा दिला, 'प्रमाण शब्द वापरावेत.' वर्णन चांगले होते म्हणून गुणही बरे दिले. आपण उदार शिक्षिका आहोत असे त्या दिवशी मला वाटले असणार.

पुढे कितीतरी वर्षांनी, एका वेगळ्याच कारणाने माशांवरचे एक पुस्तक चाळत असताना, मला त्या निबंधातला मासा भेटला. तो वाम नव्हता. बाजारात तुकडे करून विकली जाते ती वाम हा मोठा, दातेरी जबड्याचा, समुद्रातला मासा. मुलाने पाहिलेला जीव जवळजवळ नक्कीच तिच्या लांबच्या नात्यातला, सर्पमीनांच्या कुळातला होता. या कुळात तीनशेहून अधिक जाती आहेत आणि त्यांतल्या बहुतेक उष्ण समुद्रांत, तळच्या वाळूत वा गाळात स्वतःला पुरून घेऊन जगतात. त्यांतली एक जात भारताच्या दोन्ही किनाऱ्यांवर आढळते. ती खाडीतून गोड्या पाण्यापर्यंत चढते, भातखाचरांतही शिरते. शास्त्रीय नाव पिसोडोनोफिस बोरो. लांबी मीटरभरापर्यंत, अंगावर खवले नाहीत. इतर माशांना शेपटीशी असतो तसा पंख या माशाला नाही. त्या जागी आतल्या हाडांनी घट्ट झालेले, टोकदार, कडक टोक आहे. बेल्जियममधल्या गेंट विद्यापीठाच्या प्राणिशास्त्रज्ञांनी २००७ साली या एकाच जातीच्या शरीररचनेवर निबंध प्रसिद्ध केला. त्यातला प्रश्न असा की हा मासा डोक्याकडूनही बीळ करतो आणि शेपटीकडूनही, तर त्याचे शरीर या दोन्ही कामांसाठी घडलेले आहे काय? म्हणजे आमच्या विद्यार्थ्याने कंदिलाच्या उजेडात जे पाहिले आणि अचूक लिहिले, त्याच गोष्टीचा युरोपातले शास्त्रज्ञ सूक्ष्मदर्शकाखाली अभ्यास करीत होते. त्या मुलाने दिलेले नाव बरोबर होते. समासात मी लिहिलेले नाव चूक होते.

आणि ते बरोबर नाव आज मला आठवत नाही. निबंधाच्या वह्या रद्दीत गेल्या. विद्यार्थी पुढे कुठे गेला ते ठाऊक नाही. प्रमाण भाषेच्या कळकळीने मी एक शब्द खोडला, त्या जागी दुसऱ्याच माशाचे नाव बसवले आणि मूळ शब्द विसरून गेले. मराठीचे अध्यापन करणाऱ्या व्यक्तीच्या हातून याहून मोठी चूक कोणती व्हावी, ते मला सुचत नाही.

आता जरा त्या शास्त्रीय नावाकडे पाहू. 'पिसोडोनोफिस' हा भाग ग्रीक. वाटाण्यासारखे दात असलेला साप असा त्याचा अर्थ. खेकडे-कोळंब्या चिरडण्यासाठी या माशाला बोथट, गोलसर दातांच्या रांगा असतात, त्यावरून ते नाव पडले. 'बोरो' हा दुसरा भाग मात्र ना ग्रीक ना लॅटिन. तो बंगालचा आहे. ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीतला स्कॉटिश वैद्य फ्रान्सिस हॅमिल्टन याने गंगेच्या माशांवरचा आपला ग्रंथ १८२२ साली प्रसिद्ध केला. त्यात २६९ जातींचे वर्णन आहे. नावे देताना त्याने एक साधी गोष्ट केली. तिथले लोक माशाला जे म्हणत तेच नाव त्याने पुष्कळदा उचलले आणि लॅटिनच्या रांगेत बसवले. रोहिता, काटला, इलिशा, बोरो ही नावे अशी आली. तो काही लोकभाषेचा कैवारी नव्हता, वसाहतीच्या कारभाराचा नोकर होता. तरीही त्याने कोळ्याला नाव विचारले आणि ऐकलेले नाव लिहून ठेवले. त्यामुळे बंगालच्या पाण्यावर उच्चारला जाणारा शब्द आज टोकियोपासून गेंटपर्यंतच्या प्रयोगशाळांत वापरात आहे.

यातला आपल्याला टोचणारा भाग पुढेच आहे. मुंबईची ओळख म्हणून जो मासा जगाला माहीत आहे तो बोंबील. त्याच्या शास्त्रीय नावातले 'नेहेरियस' हेही हॅमिल्टनने बंगालमधल्या स्थानिक नावावरून घडवलेले. वर्सोवा, अर्नाळा, डहाणूच्या काठ्यांवर पिढ्यान्पिढ्या वाळत आलेल्या बोंबलाला विज्ञानाने बंगालचे नाव दिले, कारण विचारणारा माणूस तिकडे होता. यात बंगालचा दोष काही नाही. आपल्याकडे विचारले गेले नाही, एवढेच.

की विचारले गेले होते आणि आपण ते वाचले नाही? मराठीच्या एम.ए.च्या प्रत्येक विद्यार्थ्याला 'मानसोल्लास' हे नाव परीक्षेपुरते पाठ असते. चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा याचा हा संस्कृत ग्रंथ, शके १०५१ म्हणजे इ.स. ११२९-३० च्या सुमाराचा. त्यात मराठीतल्या काही जुन्या पद्यपंक्ती सापडतात, म्हणून मराठीच्या उगमाच्या प्रश्नाला उत्तर देताना आपण त्याचा उल्लेख करतो, दोन गुण मिळवतो आणि पुढे जातो. त्याच ग्रंथात 'मत्स्यविनोद' नावाचा भाग आहे हे मला कोणी शिकवले नाही, आणि मीही कित्येक वर्षे कोणाला शिकवले नाही. त्यात सुमारे पस्तीस प्रकारच्या माशांची नावे आहेत. समुद्रातले कोणते, नदीतले कोणते, खवल्यांचे कोणते, बिनखवल्यांचे कोणते, कोणाला कोणते आमिष लागते, असा तपशील आहे. सोमेश्वराच्या राजधानीचे नाव कल्याणीच, पण ती आजच्या कर्नाटकातल्या बिदर जिल्ह्यातली बसवकल्याण. आमच्या खाडीकाठच्या कल्याणाशी तिचे साम्य नावापुरतेच. तरी मनात येतेच की समुद्रापासून इतक्या दूरच्या कल्याणीच्या राजाने माशांची नावे लिहून ठेवली, आणि ज्या कल्याणाचा उल्लेख 'पेरिप्लस'मध्ये बंदर म्हणून येतो, तिथे शिकवणारी मी एका माशाचे नाव खोडून मोकळी झाले.

आपल्या साहित्यात मासा नाही असे नव्हे. संतकाव्यात तो जागोजागी आहे, पण तिथे तो पाण्याबाहेर काढलेला आहे. तळमळण्यासाठी आणला गेला आहे. तो कोणता मासा हा प्रश्न तिथे गैरलागू आहे, कारण ती तळमळ भक्ताची आहे. पुराणात तो अवतार आहे, नाथसंप्रदायात त्याच्या पोटी मत्स्येंद्र आहे. आधुनिक गद्यात तो बहुधा ताटात येतो, कोकणातल्या आठवणींचा सुवास घेऊन. देव्हारा, रूपक आणि ताट या तीन ठिकाणी मराठी वाचकाला मासा भेटतो. चौथे ठिकाण म्हणजे पाणी, आणि त्याखालचा गाळ. तिथे जाणारे लोक आपल्याकडे होते, पण त्यांच्या हाती लेखणी फार उशिरा आली. आणि आली तेव्हा आमच्यासारखे कोणीतरी लाल शाई घेऊन समोर बसलेले होते.

इतर भाषांकडे पाहिले की फरक कळतो. बाममासा चिखलातून आपोआप उपजतो असे ॲरिस्टॉटलने लिहून ठेवले. ते चूक होते, पण त्या चुकीने दोन हजार वर्षे लोकांना शोधात गुंतवले. तरुण फ्रॉइडने १८७६ साली त्रिएस्तमध्ये या माशाचे वृषण शोधण्यासाठी चारेकशे मासे फाडले. ग्रॅहम स्विफ्ट यांच्या 'वॉटरलँड' (१९८३) या कादंबरीतला इतिहासाचा शिक्षक वर्गात याच माशाची हकिगत सांगतो आणि तिच्यासाठी एक अख्खे प्रकरण खर्ची पडते. शेमस हीनी यांनी आपल्या घराजवळच्या लॉक नेह सरोवरातल्या बामकोळ्यांवर कवितामालिका लिहिली. ती १९६९ च्या संग्रहात आहे. या लेखकांची प्रतिभा मोठी, हे मान्यच. परंतु त्यांच्या प्रतिभेच्या आधी एक साधी गोष्ट घडलेली होती. मासा, त्याच्या अवस्था, त्याला पकडण्याची साधने, त्याच्या येण्या-जाण्याचे काळ यांचे शब्द लिहिल्या जाणाऱ्या भाषेत पोचलेले होते. कवीला ते शोधायला जावे लागले नाही. आपल्याकडे प्रतिमा आधी आली, शब्द मागे राहिला.

इथे काही आक्षेप येणार याची मला जाणीव आहे, कारण यांतले बरेचसे मीच पूर्वी घेतलेले आहेत.

पहिला असा की शब्दांची गोळाबेरीज हे बोलीभाषांच्या अभ्यासकांचे काम आहे, साहित्याच्या शिक्षकाचे नव्हे. यावर माझे म्हणणे एवढेच की बोलीचा अभ्यासक गावात चार दिवस जातो. शिक्षकाकडे ती बोली दररोज चालत येते, बाकावर बसते आणि वर्षाअखेर लेखी स्वरूपात हातात पडते. कल्याणच्या कोणत्याही महाविद्यालयात आगरी-कोळी घरांतली मुले-मुली आहेत. भांग आणि उधाण, पाग आणि डोल, उघाडी आणि खांड हे शब्द त्यांच्या घरात अजून बोलले जातात. ते शब्द मिळवण्यासाठी आपल्याला कुठे जायचे नाही. फक्त ते खोडायचे थांबवायचे आहे.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. प्रमाण भाषा हवी की नको? माझ्या मते हवी. मुलाखतीत, अर्जात, न्यायालयात, परीक्षेत प्रमाण भाषा न येणाऱ्या मुलाचे नुकसान होते. तिच्याविषयीच्या आपल्या तात्त्विक शंकांची किंमत त्याने मोजावी असे मला वाटत नाही. क्रियापदांची रूपे, विभक्ती, लेखनाचे नियम त्याला शिकवलेच पाहिजेत. पण प्रमाण भाषेत ज्या वस्तूला शब्दच नाही, तिथे बोलीतला शब्द हाच प्रमाण शब्द होय. 'वाम' हा त्या मुलाच्या शब्दाचा शुद्ध पर्याय नव्हता. तो दुसऱ्या माशाचा शब्द होता. बकरीला गाय म्हणणाऱ्याला आपण प्रमाण भाषा बोलणारा म्हणत नाही. मग खाडीच्या बाबतीत तीच चूक आपल्याला शुद्धता का वाटते?

तिसरा आक्षेप व्यवहारी माणसाचा. शब्द टिकवून मासा टिकणार आहे काय? नाही, टिकणार नाही. आमच्या खाडीचे चित्र सर्वांना ठाऊक आहे. अंबरनाथ-उल्हासनगरातून वाहत येणारी वालधुनी कारखान्यांचे आणि गटारांचे काय काय घेऊन उल्हासला मिळते, हे कल्याणकरांना नाकाने कळते. खाडीच्या तळातून वर्षानुवर्षे रेती उपसली गेली. बांध फुटले ते पुन्हा बांधले गेले नाहीत, कारण त्या खारजमिनीवर आता भात होत नाही, इमारती होतात. पाण्यातले जड विष शेवटी तळाशी बसते, आणि हा मासा तळाच्या गाळातच घर करतो. ठाण्याच्या खाडीत रोहित पक्षी येतात, म्हणून २०१५ साली तिथे अभयारण्य झाले आणि २०२२ साली तिला रामसर पाणथळीचा दर्जा मिळाला. चांगलेच झाले. गुलाबी पंखांना छायाचित्रकार मिळतात. चिखलात डोके तेवढे वर काढून बसलेल्या, सापासारख्या दिसणाऱ्या माशासाठी कोणी सकाळी सहाला दुर्बीण घेऊन उभे राहणार नाही.

परंतु नावाचा उपयोग इथेच आहे. ज्याला नाव आहे त्याच्याविषयी निदान विचारता येते, 'तो हल्ली दिसत नाही, काय झाले?' ज्याला 'एक प्रकारचा मासा' एवढेच म्हणायचे, तो नाहीसा झाला तर प्रकारांतला एक कमी झाला, कोणता ते सांगता येत नाही. तक्रार करायलासुद्धा आधी नाम लागते. सर्वनामाने फिर्याद दाखल होत नाही.

नाव दिले की काय होते याचे अगदी ताजे उदाहरण मुंबईत घडलेले आहे. जोगेश्वरीतल्या अंध मुलांच्या शाळेच्या जुन्या विहिरीत लालसर रंगाचा, डोळे नसलेला, सापासारखा मासा सापडला. तो खरा बाम नव्हे, दलदलीत राहणाऱ्या वेगळ्या गणातला; पण अंधारात, जमिनीखालच्या पाण्यात जगणारा. अभ्यासकांनी ती नवी जात असल्याचे दाखवून दिले आणि २०२१ साली तिला नाव मिळाले, रक्तामिक्थिस मुंबा. यातला 'रक्त' मल्याळममधून आला आणि 'मुंबा' आपल्या मुंबाआईवरून. हॅमिल्टननंतर दोनशे वर्षांनी मराठी माणसाच्या तोंडचा एक शब्द त्या रांगेत जाऊन बसला. ही बातमी वर्गात सांगितली तेव्हा मुले हसली, मग गप्प झाली, आणि एकीने विचारले, "मॅडम, तो त्या विहिरीत आधीपासून होताच ना?" होताच. शाळा बांधली गेली त्याच्या आधीपासूनही असेल.

मारुती चितमपल्ली यांनी रानाच्या बाबतीत जे केले ते आपल्या डोळ्यांपुढे आहे. वनखात्याच्या नोकरीत राहून, आदिवासींकडून, फासेपारध्यांकडून त्यांनी पक्ष्यांची आणि झाडांची नावे गोळा केली आणि 'पक्षीकोश' सिद्ध केला. सोलापूरच्या २००६ च्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद त्यांना मिळाले तेव्हा मराठी साहित्याने रानाच्या शब्दांना आपले मानले. २०२५ साली ते गेले. त्यांच्या वाटेने जायला प्रत्येकाला अरण्यात राहावे लागत नाही. खाडीकाठी राहणाऱ्या शिक्षकाला ती वाट वर्गाच्या दारापासून सुरू होते.

गेल्या पावसाळ्यानंतर मी तो शब्द शोधायचा प्रयत्न केला. पुस्तकातले चित्र घेऊन बाजारात एका मावशींकडे गेले. मी तिथे वीस वर्षे मासे घेते, पण असला प्रश्न कधी विचारला नव्हता. त्यांनी चित्र लांब धरून पाहिले, हाताने लांबी दाखवली, तो चिखलात मागच्या मागे कसा जातो तेही मनगट वळवून दाखवले. म्हणजे ओळख पक्की होती. नाव विचारले तेव्हा थोडा वेळ आठवत राहिल्या. मग म्हणाल्या, "माझ्या सासऱ्याला ठाव होतं, बाय. तो गेला. आता हा जाल्यात येतो कुठं, की नाव घ्यावं?"

मी तिथून परत आले ती दोन गोष्टी ठरवून. एक, निबंध तपासताना अनोळखी शब्द दिसला तर त्याखाली रेघ न ओढता समासात प्रश्न लिहायचा, 'हे काय असते? मला सांग.' दुसरी, प्रथम वर्षाच्या प्रकल्पासाठी 'मराठी साहित्यातील निसर्गचित्रण' हा वर्षानुवर्षे नकलून काढला जाणारा विषय यंदा बंद केला. त्याऐवजी प्रत्येकाने घरातून, शेतातून, खाडीवरून असे पाच शब्द आणायचे आहेत, ज्यांचा अर्थ कोशात 'एक प्रकारचा' या शब्दांनी सुरू होतो किंवा जे कोशात नाहीतच. प्रत्येक शब्दापुढे तो कोणी सांगितला, त्यांचे वय काय आणि ती वस्तू शेवटची कधी पाहिली, एवढे लिहायचे. पहिल्या आठवड्यात बत्तीस शब्द आले आहेत. त्यांत मासे अकरा. तो शब्द अजून आलेला नाही.